खाडाखोड नसलेली वही

इरा, ती वही पुन्हा लिहून काढू नकोस. आधी हे पत्र वाच. निखिल, तूही वाच. तुझं सगळं काम कम्प्युटरवर असलं तरी वाच.

लॅबची वही गबाळी आहे म्हणून तुझ्या सरांनी तुला बोल लावले, आणि येत्या रविवारी तू ती स्वच्छ अक्षरात उतरवून काढणार आहेस, असं काल फोनवर म्हणालीस. फोनवर मला नीट मांडता येत नाही. म्हणून आज सकाळी चहा झाल्याबरोबर लिहायला बसले आहे. हे मी तुमच्या आईलाही कधी सांगितलेलं नाही. आजी एकदा सरकारतर्फे हायकोर्टात उभी राहिली होती, एवढंच तिला माहीत आहे. ती ते पाहुण्यांना अभिमानाने सांगते. मी आत जाऊन कॉफी करते.

साठच्या दशकातली सुरुवातीची वर्षं. मी बेंगळुरूच्या एका सरकारी प्रयोगशाळेत असिस्टंट केमिस्ट होते. लग्न व्हायचं होतं. बसवनगुडीत अण्णांच्या घरी राहत होते. अण्णा म्हणजे माझे वडील. आपल्या जुन्या बेंगळुरूच्या मराठी घरांत वडिलांना अण्णा आणि थोरल्या बहिणीला अक्का म्हणतात, हे तुम्हाला माहीत आहेच. प्रयोगशाळेत खत, पिकांवर फवारायची औषधं, पावडरी यांचे नमुने यायचे. डब्यावर जे छापलंय ते आत आहे का, आणि तेवढंच आहे का, हे आम्ही तपासायचं.

तेव्हा कीटकनाशकांसाठी आजच्यासारखा देशभराचा कायदा नव्हता. आमच्याकडे कृषी खात्याची एक नोंदणी होती. कंपनीने मालाची माहिती द्यायची, खात्याने नोंद करायची, मग दुकानात विक्री. नोंद रद्द झाली की माल विकता येत नसे. गोष्ट अशाच एका रद्द झालेल्या नोंदीची आहे.

एके दिवशी इन्स्पेक्टर रुद्रप्पा एक सीलबंद डबा घेऊन आले. होसकोटेकडच्या एका दुकानातून त्यांनी तो उचलला होता. आत पांढरी पावडर. शेतातल्या किडीसाठी म्हणून नोंदलेली, पण गावोगावी लोक ती घरात साठवलेल्या धान्यालाही लावत. कीड लागत नसे, आणि दुकानदारही तसंच सांगे. एका घरात ती नाचणीत मिसळली गेली होती. त्या घरातली सून आणि चार वर्षांची नात दोन दिवसांत गेल्या.

रुद्रप्पांच्या मागोमाग त्या घरातली म्हातारी आली होती. होन्नम्मा तिचं नाव. रुद्रप्पांनी तिला आणलं नव्हतं. त्यांची जीप कुठे जाते ते विचारत ती बसने आली होती. तिच्याजवळ लुगड्याच्या तुकड्यात बांधलेली ओंजळभर नाचणी होती. प्रयोगशाळेत बाई मी एकटीच, म्हणून ती सरळ माझ्याकडे आली. डब्याबद्दल, कंपनीबद्दल तिने काही विचारलं नाही.

"अम्मा, ही खाता येईल का बघून सांगा," ती कन्नडमध्ये म्हणाली. "घरात अजून दोन पोती आहेत. मुलाला आणि मला वर्षभर तीच आहे."

मी तपासण्याआधीच नाही म्हणाले. धुऊन, वाळवून चालेल का, असं तिने दोनदा विचारलं. मी दोन्ही वेळा नाही म्हणाले. मग ती म्हणाली, "सरी, ठीक आहे. पुरून टाकते. पण ते दुकानातून काढायला लावा. आमच्या शेजारणीने परवाच एक डबा नेलाय."

आमचे मुख्य केमिस्ट नंजुंडय्या सर दारात उभे राहून ऐकत होते. ते मोजकं बोलणारे गृहस्थ. म्हणाले, "कमलाबाई, हातातलं बाकीचं बाजूला ठेवा."

तपासणीची रीत सोपी करून सांगते. पावडर एका द्रावणात विरघळवायची, तिच्यावर एकामागून एक तीन-चार क्रिया करायच्या, की शेवटी किरमिजी रंग येतो. विष जितकं जास्त तितका रंग गडद. तो रंग किती गडद आहे ते कलरीमीटर नावाचं यंत्र आकड्यात सांगतं. यंत्रात एक दिवा, मध्ये नमुन्याची नळी, पलीकडे काटा. आधी नुसतं द्रावण ठेवून काटा शून्यावर आणायचा आणि मग नमुना ठेवायचा. एकदा करून भागत नाही. मी सहा दिवस रोज केलं.

लेबलवर विषाचं प्रमाण दोन टक्के लिहिलं होतं. मला जवळजवळ नऊ मिळत होते. पाच दिवस नऊच्या आसपासच. फक्त तिसऱ्या दिवशी दुपारी पहिलं रीडिंग दोनच्याही खाली आलं. कारण लगेच कळलं. आमच्याकडे दुपारी विजेचा दाब वरखाली होई. मी शून्य लावलं तेव्हा दिवा मंद होता. नमुना ठेवला तोवर दिवा उजळला, म्हणून रंग फिका भासला. मी ते रीडिंग खोडलं, शेजारी "व्होल्टेज कमी, पुन्हा केले" असं लिहिलं, वेळ टाकली आणि दिवा स्थिर झाल्यावर पुन्हा केलं. नऊ.

हे सगळं सुट्या कागदांवर. त्या कागदांवर ॲसिडचे डाग, एका कोपऱ्यात भागाकार, एका कागदावर पिपेट धुणाऱ्याला दिलेली सूचना. प्रयोगशाळेत सगळेच सुट्या कागदांवर लिहीत आणि निकाल तेवढा रजिस्टरमध्ये चढवत.

निकाल गेला. खात्याने चार दिवसांत त्या पावडरची नोंद रद्द केली. कंपनीला आधी विचारलं नाही, नोटीस दिली नाही. माणसं मेली होती, तेव्हा घाई करणं सगळ्यांना बरोबरच वाटलं. रुद्रप्पांनी तालुक्यातली दुकानं फिरून डबे सील केले. होन्नम्माच्या शेजारणीचा डबाही त्यांनी स्वतः जाऊन आणला. ते मला मुद्दाम सांगायला आले होते.

मग कंपनीने रिट दाखल केली. रिट म्हणजे सरकारचा एखादा हुकूम बेकायदा आहे, तो रद्द करा, अशी थेट हायकोर्टाकडे मागणी. कंपनीचं म्हणणं दोन मुद्द्यांचं होतं. आम्हाला बाजू मांडायची संधी दिली नाही, हा एक. आणि ज्या तपासणीवर हुकूम उभा आहे ती भरवशाची नाही, हा दुसरा.

सरकारी वकील सीतारामराव प्रयोगशाळेत आले. कोटाच्या खिशात नेहमी भाजलेले शेंगदाणे, आणि बोलताना ते मोजून खाल्ल्यासारखे एकेक खात. त्यांनी आम्हाला समजावलं, "पहिल्या मुद्द्यावर आपण लंगडे आहोत. माणसं मरत होती, थांबायला वेळ नव्हता, एवढंच आपण म्हणू शकतो. पण घाई खरी होती हे दाखवायला तपासणी पक्की पाहिजे. एवढी पक्की, की न्यायमूर्तींनी पान उलटलं की त्यांना दुसरं काही विचारावंसं वाटू नये. वही कुठे आहे?"

नंजुंडय्या सर माझ्याकडे पाहू लागले. मी म्हणाले, "सोमवारी देते."

इथे मला तुम्हाला माझ्या कॉलेजबद्दल सांगितलं पाहिजे. आमच्या वेळी प्रत्येक प्रयोगासाठी रफ आणि फेअर असं दोनदा लिहावं लागे. रफवर काय वाटेल ते लिहा, कुणी बघत नसे. मार्क फेअर रेकॉर्डला. त्यात खाडाखोड दिसली तर मॅडम पान फाडून परत लिहायला लावत. चुकलेलं रीडिंग फेअरमध्ये घ्यायचं नाही, हा नियमच होता. चुकलेलं ते प्रयोगाचा भाग नाही, असं आम्हाला शिकवलं होतं. माझ्या फेअर रेकॉर्डला सलग तीन वर्षं बक्षीस मिळालं. ती रेकॉर्डं नव्या मुलींना दाखवायला म्हणून कॉलेजने ठेवून घेतली. फेअर झालं की रफ फाडून टाकायचं. दोन्ही ठेवणं आम्हाला गबाळेपणाचं वाटे.

शनिवारी मी स्टोअरमधून एक नवी वही मागून घेतली. निळ्या कापडी बांधणीची, पानांना नंबर असलेली. रविवारी सकाळी न्हाऊन जेवणाच्या टेबलापाशी बसले. सहा दिवसांचं काम सात पानांत उतरवलं. प्रत्येक पानाच्या डोक्यावर त्या-त्या दिवसाची खरी तारीख घातली. तिसऱ्या दिवसाचं खोडलेलं रीडिंग सोडून दिलं. ते यंत्राचं चुकलं होतं, पावडरचं नव्हे. त्यात काही लपवतेय असं मला एक क्षणही वाटलं नाही. हे तुम्ही नीट लक्षात घ्या, कारण पुढे मला हे कुणालाही पटवून देता आलं नाही.

अक्का न्हाणीघरात अण्णांसाठी पाण्याचा हंडा तापवत होती. ओली लाकडं धूर करत होती.

"तुझं ते रफ झालं का गं?" तिने विचारलं. "स्वल्प दे की इकडे. तुझ्या केमिस्ट्रीने पाणी लवकर तापतं."

हा तिचा नेहमीचा विनोद होता. माझे कॉलेजचे रफ कागदही तिने असेच चुलीत घातले होते. मी कागदांची चळत तिच्या हातात दिली.

सोमवारी नंजुंडय्या सरांनी वही पाहिली. पान न् पान उलटलं. "प्रयोगशाळेत वही असावी तर अशी," ते म्हणाले आणि प्रत्येक पानाखाली "तपासले" लिहून सही केली. सीतारामरावांनी प्रतिज्ञापत्र तयार केलं. त्यात एक ठरीव वाक्य होतं: सोबतच्या वहीतल्या नोंदी तपासणी चालू असताना त्या-त्या वेळी केलेल्या आहेत. असल्या प्रतिज्ञापत्रांत ते वाक्य असतंच. सरांनी सही केली. त्यांच्याआधी ते मी वाचलं होतं. त्या वाक्यापाशी मी थांबले नाही. मला रफ आणि फेअर ही एकच गोष्ट वाटत होती.

सुनावणीच्या दिवशी मी सरांबरोबर कब्बन पार्कातल्या हायकोर्टाच्या लाल इमारतीत गेले. व्हरांड्यात होन्नम्मा बसली होती. रुद्रप्पांनी तिला तारीख सांगितली होती. मुलगा कामाला गेला म्हणून एकटीच आली, असं म्हणाली. "आज पक्कं होतं ना?" तिने विचारलं. मी हो म्हणाले.

रिटमध्ये साक्षीदारांना पिंजऱ्यात उभं करत नाहीत. कागदांवरच बोलणं चालतं. त्यामुळे मला काही बोलावं लागणार नव्हतं. दोन न्यायमूर्ती होते. त्यांतले वयस्कर तेवढे बोलत. कोर्टातलं सगळं इंग्रजीत झालं, मी मराठीत लिहिते.

कंपनीचे वकील सडपातळ, अतिशय सभ्य गृहस्थ होते. त्यांनी आवाज एकदाही चढवला नाही. पहिल्या मुद्द्यावर थोडं बोलून त्यांनी माझी वही मागितली. थोडा वेळ चाळली.

"फार सुंदर वही आहे, माय लॉर्ड," ते म्हणाले. "माझ्या मुलींना दाखवावीशी वाटते. सहा दिवस काम, पण एक शाई, एक निब, एक तिरपेपणा. एकही आकडा खोडलेला नाही. मी स्वतः थोडं केमिस्ट्री शिकलो आहे. मला असं कधी जमलं नाही."

कोर्टात थोडं हसू पिकलं. सीतारामरावही हसले.

मग त्यांनी वहीचं कव्हर उघडून आतली बाजू न्यायमूर्तींसमोर धरली. आमच्या स्टोअरचा नियम होता, कुठलीही वस्तू देताना शिक्का मारायचा. जांभळ्या शाईचा गोल शिक्का: वही दिल्याची तारीख आणि घेणाऱ्याची सही. सही माझी होती. तारीख शेवटच्या रीडिंगच्या तीन महिने नंतरची होती.

तो शिक्का मारला जाताना मी समोर उभी होते. शिक्का जरा तिरका बसला म्हणून स्टोअरकीपरला मी बोललेही होते.

न्यायमूर्तींनी प्रतिज्ञापत्रातलं ते वाक्य मोठ्याने वाचलं. मग सीतारामरावांना विचारलं, की तपासणी करणाऱ्या केमिस्ट आल्या आहेत का. मी उभी राहिले.

"या नोंदी तुम्ही कशावरून उतरवल्या?"

"सुट्या कागदांवरून, माय लॉर्ड."

"ते कागद कुठे आहेत?"

"जाळले."

"का?"

मी कॉलेजचं सांगू लागले. रफ आणि फेअर. दोन वाक्यांनंतर माझं मलाच ऐकवेना. न्यायमूर्तींनी मात्र पूर्ण ऐकून घेतलं. त्यांनीही तसंच लिहिलं असेल कधीतरी, असं त्यांच्या चेहऱ्यावरून मला वाटलं. मग त्यांनी अगदी सौम्यपणे विचारलं, "उतरवताना काही गाळलंत का?"

नाही म्हणता आलं असतं. कागद उरलेच नव्हते. सरांनी माझ्याकडे पाहिलं नाही, समोर पाहत राहिले.

मी म्हणाले, "एक रीडिंग."

"किती होतं?"

"दोन टक्क्यांच्या खाली, माय लॉर्ड. विजेचा दाब कमी होता, म्हणून ते चुकीचं आलं. मी शेजारी तसं लिहिलं होतं."

"शेजारी म्हणजे जाळलेल्या कागदावर?"

"हो."

कंपनीचे वकील खाली बसले. त्यांना आणखी काही बोलायची गरज नव्हती.

निकाल पंधरवड्याने आला. खात्याचा हुकूम रद्द. निकालात माझ्याबद्दल वाईट एक शब्दही नव्हता. लिहिलं होतं एवढंच, की केमिस्ट प्रामाणिक असतील, पण कोर्टासमोर आता त्यांच्या आठवणीखेरीज काही नाही, आणि आठवणीवर कुणाचा धंदा बंद करता येत नाही. कंपनीला न ऐकता घाईने हुकूम काढायला जो पाया हवा होता, तो राहिला नव्हता. सरकारने हवं तर राखीव नमुना पुन्हा तपासावा, कंपनीला नोटीस द्यावी आणि नवा निर्णय घ्यावा.

तुम्ही विचाराल, मग तसं का केलं नाही? केलं. नमुना घेताना त्याचे तीन भाग करतात. एक दुकानदाराला, एक प्रयोगशाळेला, एक सील करून राखीव. राखीव डबा खात्याच्या गोदामात होता. तिथे पावसाचं पाणी शिरलं होतं. डबा गंजला होता, पावडरचं ढेकूळ झालं होतं, आणि पाण्याने ते विष हळूहळू विघटून नाहीसं होतं. त्यातून आता काहीही सिद्ध होणार नव्हतं. नंजुंडय्या सरांनी तो उघडला, आत पाहिलं आणि झाकण परत लावलं. आमचा भाग तपासणीतच संपला होता, दुकानदार आपला भाग हरवला म्हणाला, आणि शेजारणीचा डबा उघडलेला असल्याने पुरावा म्हणून चालणार नव्हता. होसकोटेकडच्या त्या दुकानातला बाकीचा माल कंपनीने सील लागण्याआधीच बदलून टाकला होता. नव्या डब्यांत दोन टक्केच निघाले. मी स्वतः तपासले. या वेळी रफ कागद ठेवले, पण त्या कागदांना आता कुणी विचारणार नव्हतं.

रुद्रप्पांनी दुकानांची सीलं काढली. ते काम त्यांनी शिपायावर सोडलं नाही. सीतारामराव एकदा येऊन गेले. "ते वाक्य मीच घातलं होतं," एवढंच म्हणाले, आणि मला शेंगदाणे देऊ केले. नंजुंडय्या सरांना खुलासा मागणारा मेमो आला. त्यांची बढती त्या वर्षी थांबली आणि नंतर झालीच नाही. मी त्यांच्या खोलीत जाऊन क्षमा मागितली तेव्हा त्यांनी वर न पाहता सांगितलं, "तपासले असं मी लिहिलं होतं, कमलाबाई. मी काय तपासलं? अक्षर."

होन्नम्मा निकालानंतर आठवड्याने आली. तिला निकाल कुणी नीट सांगितला नव्हता. दुकानात डबे परत आलेले दिसले म्हणून ती आली होती. मी तिला बाहेरच्या पायरीवर घेऊन बसले.

"कोर्टात तुम्ही खोटं सांगितलंत का?" तिने विचारलं. तिच्या आवाजात राग नव्हता. खरंच माहीत करून घ्यायचं होतं.

"नाही, अम्मा. खरं सांगितलं."

"आधी तपासलंत तेव्हा खोटं लिहिलं होतंत?"

"नाही. तेही खरं होतं."

"मग दोन्ही खरं असताना डबे परत कसे आले?"

मी तिला रफ आणि फेअर समजावून सांगायचा प्रयत्न केला. कन्नडमध्ये त्याला शब्द सापडेनात. सापडले असते तरी काय उपयोग होता, मला माहीत नाही. ती उठली. पोती पुरली ती बरीच खोल पुरली आहेत, कुत्री उकरणार नाहीत, असं तिने मला सांगितलं आणि ती बसस्टॉपकडे गेली. पुन्हा आली नाही. पुढच्या सुगीला त्या भागात आणखी कुणी गेलं का, हे मी रुद्रप्पांना विचारू शकले असते. ते दर महिन्याला यायचे. मी विचारलं नाही. त्यांनीही सांगितलं नाही.

नंतर कीटकनाशकांचा केंद्राचा कायदा आला. सगळ्यांची नोंदणी नव्याने झाली आणि ती पावडर कुठेतरी मागे पडली. पण तोवर कितीतरी वर्षं ती दुकानात होती.

मी पुढे सव्वीस वर्षं नोकरी केली. हाताखाली आलेल्या प्रत्येक मुलाला पहिल्या दिवशी सांगितलं: बांधलेल्या वहीत लिहा, चुकलं तर एक रेघ मारा, खालचं वाचता आलं पाहिजे, आणि पान फाडायचं नाही. का, हे कुणाला सांगितलं नाही. मुलं मला पाठीमागे "खाडाखोडवाल्या बाई" म्हणत. या पत्रातही दोन ठिकाणी मी खोडलंय. ते तसंच ठेवलंय.

इरा, तुझे सर रागावले तर रागावू देत. पाहिजे तर त्यांना शेजारी एक स्वच्छ प्रत काढून दे आणि तिच्यावर "प्रत" असं लिही. तुझी गबाळी वही मात्र जपून ठेव.

केस संपल्यावर कोर्टाने कागदपत्रं परत केली. माझी वहीही आली. नंजुंडय्या सरांनी ती मला घरी न्यायला सांगितली. प्रयोगशाळेत ती त्यांना नको होती. ती अजून माझ्या कपाटात आहे, खालच्या कप्प्यात, वर्तमानपत्रात गुंडाळलेली. निळी बांधणी जरा विटली आहे. कव्हरच्या आत तिरका जांभळा शिक्का आहे. सात पानं लिहिलेली आहेत, बाकीची कोरी. अक्षर अजून स्पष्ट वाचता येतं. एकही खाडाखोड नाही.